आंग्रे, कवासिम आणि आपले आशियावाचन

१९८२ साली आरंभ झालेला आणि आज अरबी जगातील अग्रगण्य ग्रंथोत्सवांत गणला जाणारा शारजाचा आंतरराष्ट्रीय ग्रंथमेळा दरवर्षी नोव्हेंबरात भरतो, आणि त्याच्या भारतीय विभागातून फेरफटका मारणाऱ्या कोणाही मराठी माणसाच्या ध्यानात एक गोष्ट आल्यावाचून राहत नाही, ती ही की मल्याळी वाचक तेथे यजमानाच्या थाटात वावरत असतो आणि मराठी वाचक पाहुण्याच्या संकोचाने. याचे कारण विचारले असता आपली मंडळी संख्याबळाकडे बोट दाखवितात. संयुक्त अरब अमिरातीत ३५ लाखांहून अधिक भारतीय राहतात आणि त्यांत केरळीयांचा भरणा मोठा आहे, हे खरेच आहे. परंतु संख्येने दुकाने भरतात, ग्रंथ निर्माण होतात असे नाही. केरळीयाने आखात हा आपल्या चरित्राचा भाग मानला, त्याविषयी वाचले, त्यावर लिहिले. बहरीनमध्ये नोकरी करणाऱ्या बेन्यामिन यांनी २००८ साली 'आडुजीवितम्' ही कादंबरी लिहिली आणि वाळवंटात शेळ्या राखणाऱ्या एका अभागी मजुराची कहाणी घरोघर पोहोचविली. पन्नास वर्षे तेथे काढलेल्या मराठी समाजाकडे गणेशोत्सव आहे, नाट्यप्रयोग आहेत, दिवाळीचा फराळ आहे, महाराष्ट्र मंडळे आहेत. यांपैकी कशाचीही थट्टा करण्याचा माझा हेतू नाही, कारण परमुलखात माणूस माणसाला धरून राहतो तो यांच्याच आधाराने. तरीपण ज्या खंडाच्या मध्यभागी आपण बिऱ्हाड थाटले, त्या खंडाविषयी आपण काय वाचतो, हा प्रश्न कधीतरी विचारला गेलाच पाहिजे.

मराठीला जगाची जिज्ञासाच नव्हती, असे म्हणण्याची सोय नाही. डॉ. श्रीधर व्यंकटेश केतकर यांनी महाराष्ट्रीय ज्ञानकोशाचा आरंभच मुळी 'हिंदुस्थान आणि जग' या प्रस्तावनाखंडाने केला, तो पारतंत्र्याच्या काळात, आणि अशा विश्वासाने की जगाचा विचार करण्याचा अधिकार मिळविण्यासाठी आधी स्वतंत्र व्हावे लागत नाही. पुढे वि. ग. कानिटकरांनी व्हिएतनाम, इस्रायल आणि माओचा चीन मराठी वाचकाच्या घरी आणले. अरुण साधूंनी चिनी क्रांतीची कथा सांगितली. गोविंद तळवलकरांनी सोव्हिएत साम्राज्याचा उदय आणि अस्त मांडला. गिरीश कुबेरांनी तेलाचा इतिहास सांगितला. मीना प्रभूंनी तुर्कस्तान, इराण आणि इजिप्त पायाखाली घातले. या सर्वांत मला विशेष महत्त्वाचे वाटते ते फिरोझ आणि प्रतिभा रानडे या दाम्पत्याचे उदाहरण. व्यवसायानिमित्त काबूलला राहावे लागले, तर त्या वास्तव्यातून एकाने 'काबूलनामा' लिहिला, दुसरीने 'अफगाण डायरी' लिहिली, आणि हिंदुकुशाच्या पलीकडचे एक संपूर्ण राष्ट्र मराठीच्या परिचयाचे झाले. दुबई, अबुधाबी, शारजा येथे आपली हजारो कुटुंबे नांदली. या शहरांविषयीच्या मराठी ग्रंथांना त्या तोलाची जागा अजून भरून काढता आलेली नाही.

आपल्या मनातील आशियाचा नकाशा अटारीच्या फाटकापाशी संपतो आणि एकदम जपानपाशी पुन्हा सुरू होतो. मधल्या प्रदेशाविषयी आपल्याजवळ जे असते ते बहुतांशी लंडन आणि न्यूयॉर्क येथून आलेले असते. विमानतळावरील दुकानात मिळणारी, तीनशे पानांत संपूर्ण अरबजगताचा निकाल लावणारी जी पुस्तके, त्यांवर आपली भिस्त असते. खंडाचे वाचन असे वरून खाली करावयाचे नसते, असे माझे स्पष्ट मत आहे. जेथे आपण उभे आहोत त्या धक्क्यापासून आरंभ करावा आणि तेथून जे जे जलमार्ग निघाले असतील त्यांचा एकेक करून माग घ्यावा, म्हणजे इतिहास, राजकारण, अर्थकारण आणि संस्कृती ही चार निरनिराळी शास्त्रे आहेत हा भ्रम आपोआप निरसतो. या पद्धतीने अमिरातीचे वाचन करू गेल्यास मराठी मनुष्याला असा एक लाभ आहे की जो इंग्रज, अमेरिकन, किंबहुना मल्याळी वाचकालाही सहजासहजी नाही. तो लाभ असा की या देशाच्या अर्वाचीन इतिहासाचे मूळ कागद मुंबईच्या दप्तरखान्यात आहेत, आणि त्या कागदांतील कथा आपल्या स्वतःच्या कथेशी विलक्षण जुळणारी आहे.

१८१८ च्या जून महिन्यात दुसरा बाजीराव इंग्रजांच्या स्वाधीन झाला आणि पेशवाई संपली, हे आपण शाळेत शिकतो. परंतु पेशवाईच्या कामातून मोकळे झालेले मुंबई सरकारचे सैन्य पुढे कोठे गेले, हे आपल्याला कोणी शिकवीत नाही. मेजर जनरल विल्यम ग्रँट कीर नामक सेनापतीच्या १८१९ या एका वर्षाचा क्रम पाहावा. फेब्रुवारीत तो सावंतवाडीच्या मुलखात असून रेडीचा किल्ला घेतो आणि वाडीच्या दरबाराशी तहनामा करतो. मार्चमध्ये त्याची स्वारी कच्छवर जाते आणि भूज हस्तगत होते. नोव्हेंबरात, माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टनने मुंबईच्या गव्हर्नरीची सूत्रे हाती घेतली त्याच महिन्यात, त्याचे आरमार मुंबई बंदरातून आखाताकडे निघते. आणि डिसेंबरात रास अल खैमा पडून तेथील कवासिम घराण्याची जहाजे अग्नीच्या स्वाधीन होतात. कोकण, कच्छ आणि अरबस्तानचा किनारा, तिन्ही एकाच सेनापतीच्या एकाच वर्षाच्या कामगिरीत येतात, कारण मुंबईच्या कौन्सिलाच्या दृष्टीने तो एकच समुद्र होता आणि त्यावरील सत्तेचा प्रश्नही एकच होता. आपण मात्र त्याचे तीन तुकडे करून एक महाराष्ट्राच्या, दुसरा गुजराथच्या आणि तिसरा कोणाच्याच नव्हे अशा कपाटात ठेवून दिला.

८ जानेवारी १८२० रोजी झालेल्या सर्वसाधारण तहनाम्याने या किनाऱ्यावरील शेखांना इंग्रजांच्या अटींत बांधले. तहाला अनुकूल असलेल्या अरबांनी कोणते निशाण लावावे, हेदेखील त्यात लिहून दिले होते: तांबडे निशाण, भोवती पांढरी कड. शारजा आणि रास अल खैमा यांच्या निशाणांत ती पांढरी कड आजही आहे. १८५३ च्या कायमच्या युद्धबंदीने, आणि पुढे १८९२ च्या करारांनी, या मुलखाचा परराष्ट्रव्यवहार सर्वस्वी इंग्रजांच्या हाती गेला. आणि हा सारा कारभार इराणच्या किनाऱ्यावरील बुशहर येथील रेसिडेंट पाहत असे, तो १८७३ पर्यंत मुंबई सरकारच्या हुकमतीखाली आणि त्यानंतर हिंदुस्थान सरकारच्या. त्यामुळे खलिते, अहवाल, तपासण्या, जबान्या, जहाजांच्या याद्या हे सर्व मुंबईस येऊन पडले.

त्या दप्तराचा उपयोग करून घेतला तो शारजाच्या खुद्द राज्यकर्त्याने. १९७२ पासून शारजाच्या गादीवर असलेले शेख सुलतान बिन मुहम्मद अल कासिमी हे त्याच कवासिम घराण्यातले. त्यांनी एक्सेटर विद्यापीठात डॉक्टरेटसाठी प्रबंध लिहिला आणि १९८६ साली तो ग्रंथरूपाने प्रसिद्ध केला. आखातातील अरबांची चाचेगिरी हे एक मिथक होते. ईस्ट इंडिया कंपनीला या समुद्रातील व्यापार आपल्या हाती आणावयाचा होता आणि त्यासाठी प्रतिस्पर्ध्याला चाचा ठरविणे सोयीचे होते, असा त्या ग्रंथाचा आशय. आणि तो सिद्ध करण्यासाठी ग्रंथकाराने मुख्यतः मुंबईच्या दप्तरखान्यातील कागदांचा आधार घेतला. ज्यांनी आपल्या पूर्वजांवर आरोप ठेवला त्यांच्याच दप्तरातून आरोपाचे खंडन करावयाचे, ही रीत मराठी वाचकाला अपरिचित वाटू नये. कान्होजी आंग्रे यांना मुंबईकर इंग्रजांनी आपल्या कागदोपत्री चाचाच म्हटले होते. आपल्या दस्तकावाचून फिरणारे जहाज अडवून ते जप्त करणे ही सरखेलांच्या दृष्टीने समुद्रावरील राजसत्तेची वसुली होती आणि कंपनीच्या दृष्टीने दरोडा. आणि ती दृष्टी खोडून काढण्यासाठी आपल्या इतिहासकारांना, आणि जगलबेटला राहून इंग्रजीत आंग्र्यांचे चरित्र लिहिणाऱ्या मनोहर माळगावकरांना, लेखणी झिजवावी लागली.

साम्य येथेच संपत नाही. ते अधिक क्लेशकारक आहे. १७५६ साली विजयदुर्गापाशी तुळाजी आंग्र्याचे आरमार जळाले तेव्हा वॉटसन आणि क्लाइव्ह यांच्या बाजूला नानासाहेब पेशव्यांची फौज उभी होती. १८१९ साली रास अल खैमा जळाले तेव्हा इंग्रजी आरमाराच्या साह्यास मस्कतचे सय्यद सईद आपली जहाजे घेऊन हजर होते. घरातील प्रतिस्पर्ध्याचा काटा परक्याच्या हाताने काढावयाचा आणि काटा निघाल्यावर समुद्रही परक्याचाच झाला आहे असे आढळून यावयाचे, हा अनुभव त्रेसष्ट वर्षांच्या अंतराने अरबी समुद्राच्या दोन्ही किनाऱ्यांनी घेतला. विजयदुर्ग हा केवळ आपल्या घरातील भाऊबंदकीचा विषय आहे असे समजून जो मराठी वाचक त्यावर शतकानुशतके हळहळत आला, त्याने रास अल खैमाची हकीकत शेजारी ठेवून वाचली, तर त्याच्या हळहळीचे रूपांतर थोड्याफार आकलनात होण्याचा संभव आहे.

येथे एक सावधगिरी आवश्यक आहे. शेख सुलतान यांचा ग्रंथ विद्वत्तापूर्ण असला तरी तो पक्षकाराचा ग्रंथ आहे, हे विसरून चालत नाही. १९९७ साली चार्ल्स डेव्हिस यांनी याच विषयावर लिहिलेल्या ग्रंथात कवासिमांच्या जहाजांनी केलेल्या हल्ल्यांची छाननी नव्याने केली आहे, आणि ती वाचल्यावर सर्वच आरोप कंपनीने रचलेले होते असे म्हणणे अवघड जाते. आंग्र्यांच्या बाबतीतही आपण प्रामाणिक असलो तर हेच कबूल करू. माझ्या मते वाचकाने निवाडा देण्याची घाई करू नये. मुंबई कौन्सिलाच्या फ्रान्सिस वॉर्डनने कवासिमांचा जो इतिहास लिहून ठेवला आणि जो मुंबई सरकारने १८५६ साली आपल्या निवडक कागदांत छापला, तो एका हाती आणि शारजाचा ग्रंथ दुसऱ्या हाती, असे वाचले म्हणजे एकाच घटनेची नोंद विजेता कसा करतो आणि जिताचा वंशज कसा, हे शिकावयास मिळते. आणि आशियाच्या गेल्या अडीचशे वर्षांचा इतिहास वाचावयाचा तर हे शिकल्यावाचून गत्यंतर नाही. जॉन गॉर्डन लॉरिमर या आय. सी. एस. अधिकाऱ्याने केलेले आखाताचे प्रचंड गॅझेटियर, भूगोलाचा भाग १९०८ चा आणि इतिहासाचा १९१५ चा, हे आजही या प्रदेशाच्या अभ्यासकाचे पहिले अवजार आहे. ते सरकारी उपयोगासाठी गुप्त म्हणून छापलेले होते, हे मात्र वाचताना ध्यानात असावे. कोणत्या टोळीजवळ किती उंट, किती खजुरीची झाडे, किती तारवे, हे मोजणाऱ्याला केवळ ज्ञानाची हौस होती, असे समजण्याचे कारण नाही.

इंग्रज येण्याच्या आधीचे काय, असा प्रश्न कोणी करील. पालघर जिल्ह्यातील चिंचणी येथे सापडलेला राष्ट्रकूट राजा तिसरा इंद्र याच्या काळचा, शके ८४८ म्हणजे इ. स. ९२६ चा ताम्रपट त्यास उत्तर देईल. संजाण मंडलाचा कारभार त्या वेळी एका ताजिकाकडे, म्हणजे अरबाकडे होता. संस्कृत ताम्रपटात त्याचे मुहम्मद हे नाव मधुमती असे लिहिले आहे, आणि देवीच्या पूजाअर्चेसाठी बांधलेल्या एका मठाला भूमिदान झाले ते त्याच्या अमलात आणि त्याच्या संमतीने. दहाव्या शतकातील कोकणचा अरब सुभेदार हिंदू मठाला जमीन देतो, ही गोष्ट ज्यांना आजच्या वादांत हत्यार म्हणून वापरावयाची असेल त्यांनी ती खुशाल वापरावी; मला तिच्यात दिसते ती एवढीच गोष्ट की समुद्रावर चालणाऱ्या राज्याला बंदर चालविता येणारा माणूस हवा असतो. त्याच्या दहाएक वर्षे आधी बगदादचा मसूदी चौलला येऊन गेला होता आणि तेथे सुमारे १०,००० मुसलमानांची वस्ती असल्याचे त्याने नमूद केले आहे. सुलेमान व्यापाऱ्याच्या नावावर मोडणारा इ. स. ८५१ चा अरबी वृत्तांत तर राष्ट्रकूट राजाला खलिफा, चीनचा सम्राट आणि रूमचा बादशहा यांच्या पंक्तीला बसवितो. पुढे काळ फिरला आणि संबंधही फिरले; १६७४ साली, म्हणजे रायगडावर राज्याभिषेक झाला त्याच वर्षी, मस्कतच्या अरबांनी पोर्तुगीजांच्या वसईवर धाड घालून ती लुटली. राज्याभिषेकाची प्रत्येक घटिका ठाऊक असलेल्या किती शिवप्रेमींना ही धाड ठाऊक असेल?

अर्थकारणाचे वाचनही असेच एका धक्क्यापासून आरंभिता येते. मोती हे या किनाऱ्याचे मुख्य धन होते आणि त्याची बाजारपेठ मुंबई होती. उन्हाळाभर पाणबुड्यांनी काढलेले मोती तेथे येत, पारखले जात आणि युरोपात जात. १९२९ नंतरची जागतिक मंदी आणि जपानच्या मिकिमोतोचे कृत्रिम रीतीने वाढविलेले मोती या दोहोंनी तो धंदा बसला, आणि त्यानंतरची काही वर्षे या किनाऱ्याने भुकेची काढली. चलन आपलाच रुपया होता. दुबईत १९०९ साली उघडलेल्या डाकघरात हिंदुस्थानचीच तिकिटे चालत. स्वातंत्र्यानंतरही रुपया चालूच राहिला. परंतु दुबईतून सोने चोरट्या मार्गाने कोकणच्या खाड्यांत उतरू लागले, त्याची किंमत रुपयांत चुकती होऊ लागली आणि ते रुपये परत येऊन आपली परकी गंगाजळी पोखरू लागले, तेव्हा १९५९ साली रिझर्व्ह बँकेने आखातासाठी वेगळ्या नोटा काढल्या. जून १९६६ मध्ये दिल्लीने रुपयाचे अवमूल्यन केले, डॉलरला ४.७६ रुपये होते ते ७.५० झाले, आणि आपल्याला न विचारता आपली संपत्ती कमी झालेली पाहून तेथील शेखांनी रुपयाचा निरोप घेतला. एका चलनाचा विस्तार कसा झाला आणि कसा आटला, याचा इतका सुबोध धडा अर्थशास्त्राच्या पाठ्यपुस्तकांत क्वचितच मिळेल. सोन्याच्या बिस्किटांनी ज्या वाटा घडविल्या त्यांच्याच जवळपासच्या वाटांनी १९९३ च्या आरंभी रायगड जिल्ह्यातील दिघी आणि शेखाडी येथे स्फोटके उतरली. ती कथा आपण गुन्हेगारीचे प्रकरण म्हणून वाचली; जकातीचे दर, सोन्यावरील निर्बंध, किनाऱ्यावरील बेरोजगारी आणि कस्टमची लाचखोरी यांचा इतिहास म्हणून ती अद्याप वाचावयाची आहे.

आजचे चित्र वेगळे आहे, पण धागे तेच. अबुधाबीत १९५८ साली तेल सापडले आणि १९६२ साली ते परदेशी जाऊ लागले. दुबईजवळ तेल थोडे, म्हणून तिने बंदर हेच आपले तेल मानले. १९७९ साली जेबेल अली उभे राहिले, १९८५ साली तेथे मुक्त व्यापारक्षेत्र झाले, आणि ते चालविणारी डीपी वर्ल्ड ही कंपनी २००६ पासून आमच्या उरणच्या न्हावा-शेवा बंदरातील एक टर्मिनल चालवीत आहे. तीच कंपनी सोमालीलँडमधील बर्बेराचे बंदरही चालविते. उरणच्या ज्या शेतकऱ्याची भातखाचरे आणि मिठागरे बंदरात गेली त्याचा नातू जर जेबेल अलीत क्रेनवर काम करीत असेल, तर जागतिकीकरण या विषयावर त्याला व्याख्यान देण्याच्या भानगडीत मी पडणार नाही. त्याच्या हाती बर्बेराचा नकाशा मात्र मी अवश्य देईन.

राजकारणाविषयी थोडक्यात. ३० नोव्हेंबर १९७१ रोजी, म्हणजे संयुक्त अमिरातीची स्थापना होण्याच्या दोनच दिवस आधी, इराणने अबू मूसा आणि दोन तुंब बेटे ताब्यात घेतली. तो वाद आजही मिटलेला नाही. आणि तरीही दुबईच्या ज्या जुन्या वस्तीत आपली मंडळी पाहुण्यांना घेऊन जातात, वाऱ्याचे मनोरे दाखवितात, छायाचित्रे काढतात, ती बस्तकिया वस्ती वसविली ती इराणच्या किनाऱ्यामागील बस्तक परगण्यातून आलेल्या व्यापाऱ्यांनी. विसाव्या शतकाच्या आरंभी इराणी सरकारने लिंगा बंदरात जकात बसविली, दुबईच्या शेखांनी ती माफ केली, व्यापारी इकडे आले आणि मुंबईहून येणाऱ्या आगबोटीही इकडे वळल्या. शत्रू आणि सोयरा ही दोन्ही नाती एकाच देशाशी एकाच वेळी कशी असू शकतात, हे ज्याला बस्तकियाच्या भिंतींत दिसत नाही त्याला ते वर्तमानपत्राच्या पहिल्या पानावर दिसणे कठीण.

संस्कृतीच्या वाचनात मी कादंबरीला आणि आत्मकथेला पहिला मान देतो. विल्फ्रेड थेसिगरचे १९५९ साली प्रसिद्ध झालेले 'अरेबियन सँड्स' हे पुस्तक अप्रतिम आहे. रिते वाळवंट दोनदा ओलांडणाऱ्या त्या इंग्रजाने बदूंच्या निष्ठेचे आणि काटकपणाचे जे वर्णन केले ते वाचून कोणाचेही मन भारून जाते. परंतु मोटार आली, तेल आले आणि सर्व नासले, हा जो त्याचा विलाप, तो अबुधाबीच्या मोहम्मद अल फहीम यांची आत्मकथा वाचल्यावर काहीसा बेचव लागतो. कारण दवाखाना नाही, वीज नाही, गोडे पाणी नाही अशा अबुधाबीत ज्याचे बालपण गेले त्याला दारिद्र्यात काव्य दिसत नाही. आणि या दोघांच्याही पुढे जाऊन, तेलाने माणसांच्या आयुष्याचे काय केले हे पाहावयाचे असेल तर अब्दुर्रहमान मुनीफ यांच्या 'मिठाची शहरे' या कादंबरीमालेकडे वळावे. तिचा पहिला खंड १९८४ चा. तेलाचे अर्थशास्त्र शिकलेल्या आणि सौदी नागरिकत्व गमावून बसलेल्या त्या लेखकाने जे लिहिले ते अमिरातीविषयी नाही, तथापि ते वाचल्यावर काचेच्या मनोऱ्यांखाली वाळू कोणती आहे हे कळते. बेन्यामिन यांची कादंबरी त्याच्या शेजारी ठेवावी. कारण ज्या मजुरांनी हे मनोरे उभारले त्यांची बाजू राजघराण्यांच्या इतिहासात आढळत नाही, आणि आपल्या मध्यमवर्गाच्या संभाषणातही ती फारशी आढळत नाही.

या वाचनाची व्यवस्था कोणी करावी? सरकारने, हे आपले ठरलेले उत्तर. मला ते मान्य नाही. नाटकमंडळी आणण्यासाठी विमानभाडे, व्हिसा, नाट्यगृह आणि जेवणावळी यांचा बंदोबस्त करू शकणाऱ्या मंडळांना वर्षाकाठी चार ग्रंथ ठरवून त्यांवर चर्चा घडविणे आर्थिकदृष्ट्या अवघड नाही. दुबईच्या खाडीकाठी २०२२ साली उघडलेले मोहम्मद बिन रशीद ग्रंथालय सर्वांना खुले आहे. लॉरिमरचे गॅझेटियर आणि बुशहरच्या दप्तराचा मोठा भाग आता घरबसल्या संगणकावर वाचता येतो. अबुधाबीच्या 'कलिमा' प्रकल्पाने २००७ पासून परभाषांतील शेकडो ग्रंथ अरबीत नेले आहेत. अरबीतून मराठीत येणाऱ्या ग्रंथांची वाट मात्र आजही बहुधा इंग्रजीवरून जाते.

ती वाट सरळ करणारे लोक आपल्याच घरांत वाढत आहेत, याची आपल्याला जाणीव नाही. अमिरातीच्या शाळांत परदेशी मुलांनाही नववीपर्यंत अरबी शिकावीच लागते. म्हणजे आपल्या मुलांना शाळेची नऊ वर्षे ती लिपी, ते व्याकरण, ते उच्चार यांचा सहवास मिळतो. आणि आपल्या घरांत या विषयाकडे पाहण्याची जी दृष्टी असते ती अशी की गुण मिळावेत एवढे करावे आणि दहावीत गेल्यावर सुटलो म्हणावे. गणिताला शिकवणी, विज्ञानाला शिकवणी, अरबीला मात्र उपेक्षा. सेतुमाधवराव पगडींनी फारसी आणि उर्दू साधनांचे भांडार मराठी इतिहासासाठी खुले केले ते हैदराबादच्या नोकरीत राहून. त्या परिस्थितीने त्यांना जी भाषा हाताशी दिली तिचा त्यांनी उपयोग केला, आणि मराठ्यांचा इतिहास तेवढ्याने श्रीमंत झाला. अरबीसाठी आज तशीच परिस्थिती शारजाच्या अल नहदामध्ये आणि दुबईच्या करामा भागात अनेक घरांना विनासायास लाभली आहे. १८१९ चे मुंबईचे इंग्रजी कागद, आखातातील अरबी साधने आणि आंग्रे दप्तरातील मोडी पत्रे, ही तिन्ही एका मेजावर मांडून वाचू शकेल असा विद्यार्थी तयार व्हावयाचा तर तो याच घरांतून होईल. इंग्रजी त्याला येते, अरबी त्याला शाळा शिकविते, मोडी शिकविण्याची जबाबदारी मंडळांनी घ्यावी आणि गणेशोत्सवाच्या अंदाजपत्रकात त्यासाठी एक रक्कम याच वर्षीपासून धरावी.